स्पंजचे दंड

ती मालिका बायकोनं लावली होती. एक बडी कंपनी उडणारे सुपरहिरो पगारावर ठेवते. कॅमेरा असला की ते माणसं वाचवतात, नसला की मारतात, आणि कंपनी एकाची जाहिरात करते, दुसरं निस्तरते.

"काईही दाखवतात," बायको म्हणाली. "असं कुठं असते काय?"

लग्नाआधी मी स्वतः एका कंपनीचा सुपरहिरो होतो, हे तिला ठाऊक नव्हतं. आज सांगून टाकलं.

कंपनी कीटकनाशकांची. मी तिचा आर्वी तालुक्यातला प्रचारक. एका उन्हाळ्यात साहेबांनी हिरवी तुमान, पाठीवर सोडायचं लाल कापड आणि हातांवर चढवायचे स्पंजचे फुगीर दंड पाठवले. बोंडअळीचा कर्दनकाळ म्हणून मी बाजाराच्या आवारात स्टेजवरून उडी मारायची, एवढंच काम.

पहिल्याच कार्यक्रमात साहेबांचं भाषण लांबलं. समोर उन्हात बसलेला एक म्हातारा शेतकरी चक्कर येऊन आडवा झाला. मी धावलो, त्याला उचलून कडुलिंबाखाली नेऊ लागलो.

"थांब!" साहेब ओरडले. मला वाटलं, पाणी आणतात. "कॅमेरा बंद होता. खाली ठेव, परत उचल. आणि छातीवरचं कंपनीचं नाव झाकू नको."

मी ठेवला. तापलेल्या फरशीवर. दुसऱ्यांदा उचलताना माझा एक दंड निसटून कोपराशी लोंबला, म्हणून तिसऱ्यांदा. तेव्हा म्हाताऱ्यानं डोळे उघडले.

"अरे बाबू, पाणी पाज ना मले. उचलून काऊन राह्यला?"

पाणी चहावाल्या बाईनं पाजलं. ती फोटोत नव्हती. पंधरा दिवसांत दुकानादुकानांत पोस्टर लागलं, 'संकटात धावून येणारी कंपनी'. म्हातारा तोवर बरा झाला होता. पोस्टर पाहून तो एका दुकानातच ठाण मांडून बसला. "फोटो माहा हाय, मंग मले काय?" साहेबांनी त्याला कंपनीची टोपी दिली. मला प्रमाणपत्र. पुढचे दोन हंगाम मी इमानदारीत उड्या मारल्या.

बायको पोट धरून हसली. मग एकदम थांबली.

"तुमी त्याले खाली ठेवलं?"

"साहेब म्हणाले म्हणून..."

"साहेबाचं नाई इचारून राह्यली मी."

मी पुढचा भाग लावला. ती उठून आत गेली.