रंगाने न उमटलेला वळ

सगळे तिला जखमवाली म्हणत. रंगभूषा करणारे पुष्कळ होते, पण फुटलेला ओठ किंवा काळानिळा डोळा हवा असला की बोलावणं तिलाच यायचं.

या वेळचा दिग्दर्शक नावाजलेला होता. त्याच्या सिनेमाला धड गोष्ट नसायची. एक बंद खोली, एक मालक, एक मोलकरीण, आणि सत्ता माणसाचं काय करते ते न कापता दाखवायचं. मागच्या सिनेमातून निम्मे लोक उठून गेले होते; उरलेल्यांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या होत्या.

तिसऱ्या दिवशी सकाळी ती मोलकरणीची भूमिका करणाऱ्या मुलीचं मनगट पुसायला बसली. स्पंज फिरवला, पण रंग निघेना. जरा दाबलं तशी मुलीने हात ओढून घेतला.

"हा वळ मी नाही काढलेला," जखमवाली हळूच म्हणाली.

मग मुलीने अडखळत सांगितलं. काल दिग्दर्शकाने मालक झालेल्या नटाला बाजूला नेऊन बजावलं होतं, खरंच पिरगळ, तिला कळू देऊ नकोस; हे नटानेच तिला नंतर सांगितलं. ती "थांबा" म्हणाली, पण तो शब्द संवादातही होता. कोणी थांबलं नाही. आणि आज पट्ट्याने मारायचा प्रसंग होता.

डबा बंद करून जखमवाली तडक दिग्दर्शकापुढे उभी राहिली.

"ताई, रंगाने वेदना दिसत नाही," तो शांतपणे म्हणाला.

"मग माझं काम कच्चं, मला बोला. तिचं अंग रंगासारखं वापरायचं नाही."

त्याने तिला घरी जायला सांगितलं. ती म्हणाली, जाते. पण दोन दिवस रंगवलेल्या जखमा दुसऱ्या कोणाच्या हातून तशाच्या तशा उतरणार नाहीत, झालेल्या चित्रीकरणाशी मेळ बसणार नाही. अखेर कॅमेरामनने भिंगावर झाकण बसवलं आणि तो खुर्चीत बसला.

दिग्दर्शक नमला. पट्टा चौकटीबाहेरच्या गादीवर पडला. कॅमेऱ्यात फक्त मुलीचा चेहरा होता. तरी प्रत्येक फटक्याला जखमवाली दचकत होती.

सिनेमा गाजला. हे सत्य की क्रौर्य, यावर वर्तमानपत्रांत हमरीतुमरी झाली. मनगट पिरगळल्याचं दृश्य दिग्दर्शकाने तसंच ठेवलं होतं, हे तिला मुलीने फोनवर सांगितलं. त्या दिवशी जखमवाली जेवली नाही.

त्या दिग्दर्शकाने तिला पुन्हा बोलावलं नाही. आता नवं काम आलं की ती आधी विचारते, मार खाणाऱ्याला सगळं ठाऊक आहे ना? काही जण तिथेच फोन ठेवतात.