श्रेयनामावली

टीव्ही नवा होता तेव्हा, मालिकेची श्रेयनामावली काढून टाका, असं दिग्दर्शकाला मीच सुचवलं. म्हटलं, नावं कोण वाचतो, गोष्ट लगेच सुरू होऊ द्या. त्यानं ऐकलं, आणि लेखक म्हणून माझंही नाव गेलं. ती मालिका मी लिहिली हे आमच्या कळंब गावात आजवर कुणालाच पटलेलं नाही.

परवा तिचा एक भाग मोबाईलवर सापडला. सलूनमध्ये सगळ्यांना हट्टानं दाखवला. नायिका दारात उभी राहून निरोप घेत होती, तो संपेचना. तोंडाला फेस लावलेलं गिऱ्हाईक पेंगलं.

मी चिडलो. "नाव नसलं तरी हे मीच लिहिलंय!"

न्हावी वस्तरा पुसत म्हणाला, "आता पटलं, काकाजी. तुमीबी निंगतो म्हनता अन् घंटाभर दारातच बोलत राह्यता."