आक्का जागेवरनं सरकली नव्हती

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगतानाही वाटतंय — तुम्ही कुठं बोलणार तर नाही ना?

आज मी स्वतःचे सिनेमे करतो, कॅमेराही माझाच. तेव्हा दुसऱ्याच्या सिनेमाचा कॅमेरामन होतो. निपाणीत लग्नं शूट करून शिकलेला — कुठल्या संस्थेचा शिक्का नाही. म्हणून आधीच भांडून ठरवलं होतं, पडद्यावर माझं नाव दिग्दर्शकाच्या बरोबरीनं. तो लगेच हो म्हणाला. इतक्या सहज कोण हो म्हणतं? मी नजर ठेवली. मी जवळ गेलो की तो फोनवर आवाज खाली घ्यायचा. माझ्या जागी घ्यायला बेळगावच्या दुसऱ्या कॅमेरामनशीच बोलत असणार — आजही मला तसंच वाटतं.

बेळगावजवळ येळ्ळूरच्या एका घरात शेवटचा प्रसंग. आई मेलेल्या मुलीच्या परकराची घडी घालते. आईचं काम करणारी शेवंता आक्का निपाणीची, जन्मभर विड्या वळलेली. तिची स्वतःची लेक गेलेली, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. घडी घालता घालता तिनं परकर तोंडाशी धरला आणि — खरंच रडली.

दिग्दर्शकाला बघायला मॉनिटर नव्हता. कॅमेऱ्यात बघणारा मी एकटा. आणि मी फोकस तिच्या चेहऱ्यावरून मागच्या भिंतीवर नेला, चेहरा धूसर केला. चुकून नाही — बोटांनी, सावकाश. त्याचा सिनेमा मी का उभा करायचा?

"घावलं?" दिग्दर्शकानं विचारलं.

"न्हाय. आक्का जागेवरनं सरकली."

तिनं गुडघ्याजवळची, बसायच्या जागेची खडूची खूण बघितली, मग माझ्याकडं. "सरकलो व्हय रं मी, अण्णा?"

"लई सरकलीस."

मग सहा वेळा केलं. रडू आलं नाही. परकर हातात, नजर खडूवर — तेवढंच सिनेमात राहिलं.

नाव त्यानं ठरल्याप्रमाणं दिलं. बरोबरीनं.

बेळगावात सिनेमा दाखवला, तेव्हा आक्काला आणायला मीच निपाणीला गेलो. ती सुपातल्या विड्या बांधत होती. मान वर न करता म्हणाली, "नगं रं. एका जागी बसायचंबी जमलं न्हाय मला. लोकांस्नी काय दाखवू?"

दारात आम्ही दोघंच होतो. मी "बरं" म्हणालो आणि गाडी वळवली.