हंसाचं गाऱ्हाणं

रत्नागिरीच्या बंदरात मी आगबोटीपर्यंत नेणाऱ्या पडावात पाय ठेवला तेव्हा दादा माझ्याकडे पाठ करून उभा होता. आगबोट लांब, खोल पाण्यात. खलाशी "बसा, बसा" म्हणून ओरडत होते आणि आई गुडघाभर पाण्यात शिरून पडावाला धरून उभी होती. दादानं तिला आणलं होतं मला परत फिरवायला. आई रडेल, मी विरघळेन, असा त्याचा बेत. आई रडली नाही. माझ्या हातावर हात ठेवून एवढंच म्हणाली, "पत्र घालत जा गो बाय. दादा वाचून दावील माला."

मग दादा वळला आणि पडावातल्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात बोलला, "जा खुशाल. तुजी पोरां आमची बोली बोलायची नायत. आमच्या दारात आली तर मुक्यासारखी हुबी ऱ्हातील." लोक हसले. मी तोंड फिरवून आगबोटीकडे बघत बसले.

माझा गुन्हा सांगते. मी एकोणिसाव्या वर्षी विधवा होऊन हातखंब्याच्या अलीकडच्या आमच्या गावी, दादाच्या घरी परत आले होते. भात लावणं, झोडणं, गुरं, शेण, सगळं माझ्याकडे. आमच्यात विधवेनं पाट लावायला, म्हणजे दुसरं लग्न करायला, बंदी नव्हती. पण लावायचा तो आपल्यातल्याशीच. मी निवडला रत्नागिरीत एका भाटिया व्यापाऱ्याच्या पेढीवर काम करणारा गुजराती कारकून. त्यांची बदली कराचीला झाली. मुंबईत लग्न लावून आम्ही पुढे जायचं ठरलं आणि दादाच्या घरची फुकटची मोलकरीण गेली. त्याला जात आठवली ती त्यानंतर.

कराचीत घर पेढीच्या मागे. घरात सासूबाई, आमचे हे आणि मी. सगळं बोलणं गुजराती, खाली गल्लीत सिंधी, पेढीवर थोडं इंग्रजी. पहिले सहा महिने मी नुसती मान हलवत होते. मीठ मागायला गेले तर सासूबाई हसत डबाच पुढे करायच्या. माणूस चांगलं होतं ते. हंसा झाली तेव्हा तिला मांडीवर घेऊन हालरडं, म्हणजे अंगाई, गायच्या, "मारी डाही दीकरी", माझी शहाणी लेक, म्हणून तिची दृष्ट काढायच्या. हंसाचे सगळे लाड गुजरातीत झाले.

मी तिच्याशी मराठीतच बोलायची. पुस्तकातली मराठी नव्हे, आमच्या वाडीतली. पेज, खळं, पावसाच्या तोंडची आगोट, सगळे शब्द तिला दिले. तेव्हा माझा हेतू साधा होता. कधीतरी पोरीला घेऊन गावी जाईन, ती आजीच्या गळ्यात पडून "आजी, माला वळखलंस काय?" म्हणेल, आणि आई हसत हसत रडेल. मी चौथीपर्यंत शिकलेली. दर महिन्याला आईला पत्र लिहायची. हंसाला दात आले, हंसा पडली, हंसा आज आपल्या बोलीत भांडली. उत्तर कधी आलं नाही. आईला लिहिता येत नव्हतं, दादाला लिहायचं नव्हतं, असं मी स्वतःला समजावत होते.

हंसा सात वर्षांची असताना आमच्या गावचा बाबू तांडेल जहाजावरून कराचीला उतरला आणि माझा पत्ता शोधत घरी आला. जेवताना त्यानं सांगितलं की पावसाळ्याआधीच आई गेली. मी विचारलं, "माझी पत्रं तिला आवडायची का रे?" त्याचा घास हातातच राहिला.

"कसली पत्रां?" तो म्हणाला. "म्हातारी शेवटपर्यंत म्हनत होती, माजी पोर माला इसारली. तुज्या दादानं सांगितलान, गुजराती झाली ती, तिला आय कशाला आठवतेय?" मग तोच हळू आवाजात म्हणाला की पोस्टमन मात्र त्याला एकदा बोलला होता, कराचीचं पत्र महिन्याला येतं आणि ते दादाच्याच हातात देतो.

त्या दिवसापासून हंसाची मराठी बदलली. मीच ती बदलली. आधी तिला आजीशी बोलायला शिकवत होते. आता मामाशी बोलायला शिकवायला लागले. रोज संध्याकाळी दिवा लावल्यावर मी तिला समोर बसवायची. आवाज मोठा, शब्द तुटक, शेवटी हेल गावचा. चुकली की पुन्हा. ती कंटाळून "बा, बस ने", आई, पुरे ना, म्हणायची, की मी डोळे वटारायची. सासूबाई मध्ये पडायच्या, पोर दमली म्हणायच्या. मी ऐकलं नाही. ही तीन वर्षं मी तिला मराठीत एकदाही जवळ घेतलं नाही. हे मला तेव्हा कळतसुद्धा नव्हतं.

हंसा दहाची झाली त्या वर्षी शिमग्याला आम्ही दोघी गावी गेलो. मुद्दाम शिमग्यालाच. शिमग्यात ग्रामदेवतेची पालखी घरोघर येते, आणि दादा गावचा मानकरी, पालखी त्याच्या खळ्यात सगळ्यात आधी बसते. एरवी त्यानं मला दारातून हाकललं असतं. पालखी असताना माहेरवाशिणीला हाकलायची हिंमत कुणाची नाही.

मी देवीची ओटी भरली. म्हाताऱ्या गुरवानं मला ओळखलं. माहेरवाशीण आली की तिच्या वतीनं तो देवीपुढे गाऱ्हाणं घालतो आणि जमलेले सगळे दर वाक्याला हुंकार देतात. तो म्हणाला, "बोल गो, काय घालू तुजा गाऱ्हाना?"

"माझी पोर घालील," मी म्हटलं.

दादा हसला. "तिला कुठची येते आपली बोली!"

गुरव म्हणाला, "लेकराला बोलू दे. बोल बाय."

हंसा पुढे झाली. हात जोडले, मान ताठ.

"बा देवी म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळा गाव म्हणाला. बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. कराचीची पोर, आणि हेल आमचा!

"ही तुजी माहेरवाशीण आज तुज्या पायाशी आली हाय, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"तिनं म्हयन्याच्या म्हयन्याला आयशीला पत्रां धाडलीन, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" यात दादाचा आवाज होता. लहानपणापासूनची सवय, तोंडातून आपोआप निघतं.

"ती ज्यानं आडवलीन, म्हातारीला वाचून दावली नाय, पोर इसारली म्हनून सांगितलान, तो ह्याच खळ्यात हुबा हाय, म्हाराजा!"

आणि गाव म्हणाला, "व्हय म्हाराजा!" जिभेला थांबवायला वेळच नव्हता. शब्द बाहेर पडले आणि मग त्यांचा अर्थ लोकांच्या डोक्यात शिरला. ढोलवाल्याचा हात थांबला. गर्दीत मागे उभा असलेला पोस्टमन खाली बघत होता. त्याला कुणी काही विचारलं नाही. विचारायची गरजच नव्हती.

दादाचं तोंड अर्धवट उघडं होतं. गुरवानं पालखी उचलायला सांगितली, आणि माणसं दादाकडे न बघता पुढच्या घराकडे निघाली. मला काय वाटलं सांगू? गोड वाटलं. तीन वर्षांत जेवण लागलं नव्हतं एवढं गोड. त्यासाठी देवीनं मला काय म्हणायचं ते म्हणावं.

परतीच्या आगबोटीत हंसा डेकवर माझ्याशेजारी बसली होती. किनारा दिसेनासा झाल्यावर तिनं विचारलं, "बा, मामाने तो कही दीधुं. हवे मारे मराठी बोलवानी जरूर छे?" मामाला सांगून झालं, आता मला मराठी बोलायची गरज आहे का?

पोरीनं उद्धटपणे विचारलं नव्हतं. काम झालं, आता हत्यार ठेवून देऊ का, इतकं सरळ. मी "नाही" म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते? जी भाषा मी तिला तीन वर्षं फक्त भांडणासाठी दिली, ती तिनं प्रेमानं जपावी असं कुठल्या तोंडानं सांगू?

त्याला आता चार वर्षं झाली. हंसाला मी बोललेलं सगळं समजतं, उत्तर गुजरातीत येतं. गावात राहिलेल्यांनो, तुम्ही म्हणाल, शेवटी दादाचंच खरं झालं. आणि माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनो, तुमची पोरं लहान असतील तर त्यांना आपली भाषा लाडात द्या, एवढं माझं ऐका. मी दिली नाही. याचासुद्धा राग मी दादावरच काढते.

कराची माझं घर आहे. चूल इथे, नवरा इथे, लेक इथे. पण पेजेला पेज म्हणणारं, माझ्या आईच्या हेलानं मला "गो बाय" म्हणू शकेल असं माझ्या रक्ताचं माणूस जगात एकच उरलं आहे, आणि ते दादा आहे. कधी ना कधी तो माफी मागायला येईल. त्याला ती आपल्या बोलीतच मागावी लागेल, दुसरी त्याला येत नाही. मी त्याला बसवीन, पाणी देईन, आणि त्याचा शब्द न् शब्द पोटभर ऐकून घेईन. माफ करणार नाही.