जाफराबादची रोमा

आमच्या घरी टीव्हीवर भुताखेताचा सिनेमा लागला की आत्या भाजीची जुडी घेऊन बाहेरच्या खोलीत येऊन बसायची. बघायला नव्हे, नावं ठेवायला. भाऊ आणि मी पांघरुणात तोंड खुपसून बसलेलो, पडद्यावर विहिरीतून एक पांढरा हात हळूहळू वर येतोय, आणि आत्या मेथीची काडी मोडत शांतपणे सांगायची, "खाली स्टूल आहे. स्टुलावर माणूस उभा आहे. सकाळपासून चहा भेटला न्हाई त्याला, म्हणून हात थरथरून राह्यलाय." एवढं ऐकल्यावर कोण घाबरणार? भाऊ रडवेला व्हायचा. त्याला घाबरायचं असायचं.

नावं ठेवायचा अधिकार तिने कमावलेला होता. लग्नाच्या वयात ती मुंबईला पळाली होती आणि पुढची काही वर्षं तिने असल्याच सिनेमांत काम केलं होतं. त्यातही तिचा प्रांत ठरलेला होता. समुद्रातला राक्षस जिला ओढून नेतो, ती बाई म्हणजे आत्या. नायिका नव्हे. नायिका शेवटपर्यंत जगते. आत्या मध्यंतराच्या आधीच मरायची. आमच्या जालना जिल्ह्यात समुद्र म्हणजे भूगोलाच्या पुस्तकातला निळा रंग. त्या रंगात आमच्या घरातली एक बाई पुन्हा पुन्हा बुडून आली होती.

ते सिनेमे मी पुढे पाहिले. त्यांना गोष्ट नसायची, भिजणं असायचं. समुद्रकाठी एक बंगला, तिथे सुट्टीला आलेली कॉलेजची मुलं, त्यांच्यातला सगळ्यात लहान पोरगा चाळिशीचा. एक वेडा म्हातारा, पाण्याकडे जाऊ नका म्हणून बजावणारा. मग काही कारण नसताना एकेक मुलगी पांढरी साडी नेसून समुद्रात उतरणार. राक्षस फोमच्या गाद्यांवर रेग्झिन शिवून केलेला, वरून हिरवा ऑइलपेंट, डोळ्यांच्या जागी मोटारसायकलचे इंडिकेटर. लांबून दाखवायचा असला की कुठल्यातरी विदेशी सिनेमातला तुकडा कापून चिकटवायचे. त्यामुळे तो लांबून आठ पायांचा करडा आणि जवळून दोन पायांचा हिरवा दिसायचा. याला भयपट म्हणायचे, आणि हे बघायला लोक थेटरात जायचे.

राक्षसाच्या खाण्यापिण्यावर आत्याचा खास राग होता. "दिवसभर कोळी पाण्यात, त्याह्यला हात लावत न्हाई," ती म्हणायची. "म्हातारी बाई किनाऱ्यावर बसलेली, तिला बघत बी न्हाई. तरणी पोरगी भिजली की आलाच. हा कसला समुद्रातला प्राणी? हा प्रोड्यूसर होता."

तिचं नाव सुमन. सिनेमात मात्र रोमा. नाव बदलायला सांगितलं तेव्हा तिने कारण विचारलं होतं म्हणे. जाफराबादच्या सुमनला राक्षस खात नाही, त्याला रोमाच लागते, असं उत्तर आलं म्हणून ती आम्हाला सांगायची. कॉलेजच्या गॅदरिंगमधल्या नाटकात तिला बक्षीस मिळालं, तिथून ते वेड शिरलं. आजोबांची जाफराबादला शेती, कापूस-सोयाबीनचं घर. मुलगी सिनेमात गेली म्हटल्यावर त्यांनी घरात तिचं नाव काढायची बंदी केली. बाबा, म्हणजे तिचे थोरले भाऊ, एकदा मुंबईला जाऊन तिला भेटले. ती परत यायला तयार झाली नाही. तिथे काय बोलणं झालं ते दोघांनीही कधी सांगितलं नाही.

आजोबा गेल्यावर ती परत आली. तोवर बाबा पाटबंधारे खात्यात कारकून होऊन नवीन जालन्यात राहायला आले होते. त्यांनी तिला ठेवून घेतलं. अट एकच, माझ्यासमोर त्या सिनेमांचा विषय नको. बाबा घरात आले की ती टीव्ही बंद करायची आणि स्वयंपाकघरात जायची. बाबा वाईट माणूस नव्हते. तिच्यासाठी त्यांनी स्थळं शोधली, ती जमली नाहीत, तेव्हा एका बियाण्याच्या कंपनीत पॅकिंगला कामही बघून दिलं. पण बहिणीची ती वर्षं त्यांनी न लागलेल्या पिकासारखी नांगरून टाकली होती.

कॉलनीत तिला 'हिरोईन' म्हणायचे. तोंडावर नव्हे, पाठीमागे. आत्याला ते ठाऊक होतं. पाठीमागे बोलणाऱ्यांची तिला कीव यायची, आणि तिची कीव शिवीपेक्षा जास्त लागायची. कंपनीतल्या बाया मात्र तिच्यावर खूश होत्या. पिशव्यांना सील मारता मारता ती त्यांना बुडायचं कसं ते शिकवायची. आधी हात वर, मग नाक, मग केस, आणि केस शेवटी, कारण केस भिजलेले दिसले पाहिजेत. बाया हसून लोळायच्या. आपली सगळी कारकीर्द तिने अशी हसण्यावारी वाटून टाकली होती. त्यामागे काही असेल असं आम्हाला कधी वाटलंच नाही.

माझं लग्न परतूरला ठरलं. आडतीचं दुकान असलेलं घर, मुलगा शांत, सगळं पसंत पडलेलं. सुपारीची तारीख निघाली आणि त्याच सुमारास कुणीतरी आत्याचा एक जुना सिनेमा इंटरनेटवर टाकला. पूर्ण सिनेमा बघण्याची सहनशक्ती कुणात होती? आमच्याच गावातल्या कुणीतरी त्यातला आत्याचा तुकडा कापला, खाली घाणेरडी ओळ लिहिली आणि सोडून दिला. पांढरी साडी, पाणी, तो हिरवा राक्षस. फोनाफोनांतून फिरत तो बाबांच्या ऑफिसात पोचला. बाबा दुपारीच घरी आले आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिले.

आत्या दुसऱ्या दिवशी नेहमीप्रमाणे भाजीला गेली. आमच्या गल्लीतले एक सद्गृहस्थ, देवळाच्या समितीवर असलेले, तिला बघून शेजाऱ्याकडे वळून हसले. आत्याने टोमॅटो खाली ठेवले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात त्यांना विचारलं, "भाऊ, आवाज चालू ठेवून बघता, का बंद करून?" त्यांचं हसू जागच्या जागी वाळलं. हे मला भाजीवालीने सांगितलं. आत्याने घरी येऊन फक्त टोमॅटो महाग झालेत म्हणून सांगितलं.

पण परतूरकरांना असं गप्प करता येणार नव्हतं. मुलाच्या काकांचा फोन आला, जरा बसून बोलायचंय, मी आणि वहिनी येतो. वहिनी म्हणजे मुलाची आई. फोन ठेवल्यावर बाबांनी आत्याला सांगितलं की तू दोन दिवस जाफराबादला जाऊन ये. त्यांचा आवाज चढलेला नव्हता, उलट विनवणीचाच होता. आत्या म्हणाली, "दादा, मी लपले तर त्याह्यला वाटंल, राक्षस खरा होता."

ती गेली नाही. पाहुणे आले तेव्हा तिनेच दार उघडलं.

पाऊसपाणी झालं, कापसाचा भाव झाला, मग काकांनी आजकाल फोनवर काय काय येतं याकडे गाडी वळवली. बाबा खाली बघत होते. मी चहाचा ट्रे घेऊन उभीच होते. आत्याने काकांना वाक्य पूर्ण करू दिलं नाही. ती बाई मीच, म्हणाली. आणि तुम्ही अर्धंच बघितलंय, आता आलात तर पूर्ण बघा. तिने मला तो सिनेमा टीव्हीला जोडायला सांगितला. मी बाबांकडे पाहिलं. बाबा उठले आणि स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभे राहिले. आत गेले नाहीत. मी सिनेमा लावला.

मग आत्याने आपलं नेहमीचं काम सुरू केलं. हा बंगला आहे ना, याला फक्त पुढची भिंत आहे. हा कॉलेजचा पोरगा आहे ना, त्याच्या पोरीचं त्या साली लग्न झालं. राक्षस पहिल्यांदा चालत आला तेव्हा तिने पडद्याजवळ जाऊन त्याच्या पाठीवरची चेन दाखवली. मुलाच्या आईने तोंडाला पदर लावलेला होता. पदराआडून आधी एक खोकला आला, मग दुसरा, आणि राक्षसाच्या हिरव्या मनगटावर घड्याळ दिसलं तेव्हा त्या मोकळ्याने हसल्या. काका हसले नाहीत. ते चहात बघत राहिले.

मग तो तुकडा आला. पांढरी साडी नेसलेली तरुण आत्या पाण्यात उतरली. खोलीतलं हसू थांबलं. मला वाटलं आता आत्या काहीतरी सणसणीत बोलेल. पण तिचा आवाज एकदम साधा झाला.

"हा समुद्र न्हाई," ती म्हणाली. "दगडाच्या खाणीत साचलेलं पाणी आहे. थंडीचे दिवस. सकाळपासून मला पाण्यात उभं केल्तं. मधी काठावर साडी वाळली की पुन्हा भिजवायचे. मला ताप होता. हे बघा, आता मी ओरडते."

पडद्यावर ती ओरडली. तो तुकडा फोनवर मी आधी पाहिला होता, पण आवाज बंद करून. ती किंकाळी त्या सिनेमातली वाटत नव्हती. बाकी सगळे जण त्यात खोटं ओरडत होते.

"ही अॅक्टिंग न्हाई," आत्या म्हणाली. "पायात गोळा आल्ता, मी खाली चालले होते. बाहेर काढा म्हणून ओरडून राह्यले. डायरेक्टरला वाटलं, बाई आज चांगली ओरडली. तेच ठेवलं त्यानं."

मग मुलाच्या आईने विचारलं, "मंग बाहेर कोणी काढलं?"

"राक्षसानं," आत्या म्हणाली. "त्याच्यात जो माणूस होता ना, त्यानं. तोंडावरचं ते सोंग फेकलं अन् मला काखेत धरून काठावर आणलं. त्यालाच शिव्या बसल्या, सीन खराब केला म्हणून."

सिनेमा पुढे चालूच होता. तिला राक्षसाने खाल्लं असं ठरलं होतं, म्हणून नायक कुणाचा तरी सूड घ्यायची शपथ घेत होता. मुलाच्या आईने हात पुढे करून मला टीव्ही बंद करायला सांगितलं. त्या आत्याशेजारी येऊन बसल्या आणि सुपारीला कोणकोण येणार ते विचारू लागल्या. काकांनी घसा खाकरला, तेव्हा त्या त्यांच्याकडे न बघता म्हणाल्या, "तारीख तीच राहील भाऊजी." काका सुपारीला आले नाहीत, लग्नाला आले पण जेवले नाहीत. परतूरच्या घरातली आणखी दोन-तीन माणसं अजूनही माझ्या माहेरी येत नाहीत. सगळं गोड झालं असं मी म्हणणार नाही.

पाहुणे गेल्यावर बाबा दारातून पुढे आले. खुर्चीत बसले. मग त्यांनी आत्याला विचारलं, "मला का न्हाई सांगितलं?"

"तू विचारलं कधी?" आत्या म्हणाली, आणि कपबशा उचलून आत गेली. तिच्या आवाजात राग नव्हता. त्यामुळे बाबांना जास्त लागलं असावं.

त्यानंतर आमच्या घरी बाबांसमोर टीव्ही बंद व्हायचा थांबला. माझ्या सासूबाई बाजाराला जालन्यात आल्या की आधी आत्याकडे जायच्या. दोघी फोनवर जुने सिनेमे लावून नावं ठेवत बसायच्या. एकदा मी माहेरी गेले तर बाबाही त्यांच्यात बसलेले. राक्षस आला की ते बहिणीला हळूच विचारायचे, "यात पण तोच माणूस आहे का?" ती कधी हो म्हणायची, कधी हा दुसरा, आळशी आहे, याला पोहता बी येत न्हाई, असं सांगायची. बाबांना त्या सिनेमांतलं काय आवडणार? ते टाकाऊच होते. पण जी वर्षं विचारायची राहिली, ती ते असं एकेक करून विचारत होते.

गेल्या हिवाळ्यात आत्या आजारी पडली आणि तिने फार दिवस काढले नाहीत. दवाखान्यातही तिचं तोंड बंद नव्हतं. समोरच्या टीव्हीवर मालिकेतली बाई मरत होती, तिच्या कपाळावर घाम नव्हता आणि लिपस्टिक जागेवर होती. मरताना एवढं भाषण कोण करतं, असं आत्या नर्सला म्हणाली. ती स्वतः काही न बोलता गेली. सासूबाई तिच्या उशाशी होत्या.

चौकात श्रद्धांजलीचा फ्लेक्स लावायचा होता. आमच्याकडे त्यावर नावाखाली काहीतरी लिहितात, सेवानिवृत्त शिक्षक, प्रगतिशील शेतकरी. आत्याच्या नावाखाली काय लिहायचं असं दुकानदाराने विचारलं. भाऊ म्हणाला, काही नको, नुसतं नाव. बाबा पुढे झाले आणि त्यांनी सांगितलं, "चित्रपट अभिनेत्री लिहा." दुकानदाराने मान वर करून पाहिलं. बाबांनी तेच शब्द पुन्हा सांगितले.

फ्लेक्स छापून आला तेव्हा त्यात 'अभिनेत्री'मधला भि दीर्घ पडला होता. माझ्या लग्नपत्रिकेत चुका निघाल्या होत्या तेव्हा याच बाबांनी, चालतंय, कोण वाचतंय, म्हणून सोडून दिलं होतं. भाऊ म्हणाला, राहू द्या, चौकात लोक जमलेत, कळतंय सगळ्यांना. बाबांनी ऐकलं नाही. त्यांनी तो फ्लेक्स गुंडाळून दुकानदाराच्या हातात परत दिला आणि नवा छापून होईपर्यंत ते मशीनजवळ उभे राहिले.