पट्टी बांधण्यात आली

माझ्या आठवणींच्या पुस्तकाची तपासलेली प्रत प्रकाशकाकडून परत आली, तेव्हा तिच्यात तीनशे अकरा दुरुस्त्या होत्या. दोन दिवसांत मी तीनशे दहा मान्य केल्या. ऱ्हस्व-दीर्घात मी अजूनही चुकतो, आणि सातवीनंतर शाळा सोडलेल्या माणसाने त्यात मानापमान धरू नये. एक दुरुस्ती तेवढी अडली. पान सत्याऐंशीवर संपादक मुलीने 'अपरोक्ष' खोडून 'परोक्ष' केलं होतं आणि कडेला पेन्सिलीने लिहिलं होतं, 'सर, अर्थ उलटा होतोय.'

अर्थ उलटा होतो हे मला बाविसाव्या वर्षापासून माहीत आहे. 'माझ्या अपरोक्ष' असं आपल्याकडे पुष्कळ लोक 'माझ्या पाठीमागे' अशा अर्थाने म्हणतात. कोशातला अर्थ बरोबर उलटा आहे. अपरोक्ष म्हणजे डोळ्यांदेखत. या एका शब्दापायी माझ्या एका सोबत्याला चौतीस वर्षं गावात 'हावरा' म्हणवून घ्यावं लागलं. म्हणून ती दुरुस्ती मी लगेच मान्य केली नाही.

आमचं मूळ रत्नागिरीकडचं. चौदाव्या वर्षी मी भाईंदर पूर्वेच्या एका स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॅकिंगला लागलो. दोन ताटांमध्ये रद्दीचं अर्धं पान घालायचं, म्हणजे चरे पडत नाहीत. चोवीस ताटांचा गठ्ठा, तेवीस अर्धी पानं. दिवसाला चाळीस-बेचाळीस गठ्ठे व्हायचे. माझं शिक्षण या अर्ध्या पानांवर झालं. अग्रलेख वरून अर्धा, गोष्ट खालून अर्धी. गोष्टीचा शेवट नसला की तो मी समासात पेन्सिलीने लिहायचो आणि पान ताटाखाली सरकवायचो. परगावच्या कितीतरी नवऱ्यामुलींच्या रुखवतात माझे शेवट गेले असतील. पुढे मी नऊ नाटकं आणि तीन कादंबऱ्या लिहिल्या. कारखान्यांच्या फाटकांवर नाटकं केली, त्यापायी दोनदा चौकीत बसलो आणि माझ्या नावाआधी 'जहाल' हे विशेषण लागलं. त्या सगळ्याचं मूळ या पानांत आहे. भाषासुद्धा मी तिथूनच उचलली. तिच्यातल्या दोषांसकट उचलली, हे नंतर कळलं.

माझ्या टेबलापासून नऊ पावलांवर प्रेस होती. पत्र्याची गोल चकती साच्यावर ठेवायची, प्रेस खाली आली की वाटी तयार. त्या मशीनला दोन बटणं होती, एकमेकांपासून दीड हात लांब. दोन्ही हातांनी दोन्ही एकदम दाबली तरच प्रेस खाली यायची. उद्देश साधा: हात बटणांवर असले तर साच्यात नसतील. पण त्यात वेळ जातो. म्हणून एके सकाळी सुपरवायझरने एक बटण पट्टीने कायमचं दाबून बांधलं. आता एका हाताने माल ठेवायचा, दुसऱ्याने बटण मारायचं. तासाला तीनशेच्या जागी चारशे साठ वाट्या होऊ लागल्या. सहाव्या दिवशी मशीनवरच्या माणसाची डाव्या हाताची दोन बोटं गेली.

तो जवळच्याच मोरवा गावचा. माझ्याहून बारा वर्षांनी मोठा. मी त्याला दादा म्हणायचो. कारखान्यात कागद वाचत बसणारा मी एकटाच, म्हणून तो मला मास्तर म्हणायचा, अर्धं कौतुकाने, अर्धं चिडवायला.

सरकारी अधिकारी चौकशीला येणार असं कळल्यावर आम्ही अकरा कामगारांनी निवेदन द्यायचं ठरवलं. लिहायला अर्थात मी. सुपरवायझरचं नाव लिहू नकोस, असं अकरापैकी नऊजणांनी सांगितलं. 'तुम्ही गप्प का बसलात' असंही कुणी विचारता कामा नये. मी वर्तमानपत्रातली भाषा आठवून वाक्य जुळवलं: 'सदर बटणास पट्टी आमच्या अपरोक्ष बांधण्यात आली.' मला ते फार भारदस्त वाटलं. अकरा सह्या झाल्या. त्यातले तीन अंगठे होते.

चौकशीच्या दिवशी मॅनेजरने ते वाक्य मोठ्याने वाचलं. तो चांगला शिकलेला माणूस. अधिकाऱ्याला म्हणाला, "साहेब, अपरोक्ष म्हणजे समक्ष. यांनीच लिहून दिलंय की पट्टी यांच्या डोळ्यांसमोर बांधली. मग तक्रार कुठेय? आणि 'बांधण्यात आली' म्हणजे कोणी बांधली? मशीनवर तर हाच होता. जास्त नग, जास्त बोनस."

अधिकाऱ्याने माझ्याकडे पाहिलं. "लिहिलं कोणी हे?"

मी हात वर केला.

"कितवी झालीय?"

"सातवी."

"दिसतंय," असं म्हणून त्याने पान उलटलं.

पुढच्या तारखेपर्यंत सहाजणांनी सह्या मागे घेतल्या. अहवालात आलं की पट्टी कोणी बांधली हे सिद्ध होत नाही, मात्र मशीन त्या कामगाराच्या ताब्यात होतं. मोरव्यात या वाक्याचं भाषांतर व्हायला एक दिवस लागला: जास्त नगांच्या हावेपायी त्यानेच बांधली. त्याचा सख्खा मोठा भाऊसुद्धा तेच म्हणू लागला.

मी कोश मिळवला. रोज चाळीस शब्द, उतरवून काढून. पहिला फेरा पुरा व्हायला चार वर्षं आणि काही महिने लागले. त्याच काळात मी त्या अपघातावर पहिलं नाटक लिहिलं. त्याचे बासष्ट प्रयोग झाले. त्यात सुपरवायझर रिकाम्या कारखान्यात चोरून येतो आणि एकटाच पट्टी बांधतो. मॅनेजर शब्दाचा कीस पाडतो. प्रेक्षक चिडायचे, शिट्या मारायचे, घोषणा द्यायचे.

त्या बासष्ट प्रयोगांत जे नव्हतं, ते आता सांगतो. सुपरवायझर रिकाम्या कारखान्यात आला नव्हता. सकाळी पावणेनऊला, आम्ही सगळे हजर असताना, माझ्या टेबलाशी आला होता. मला म्हणाला, "ए मास्टर, एक पट्टी काट के दे." प्लॅस्टिकची पॅकिंगची पट्टी माझ्याच ताब्यात असायची. ती कशाला हवीय हे मला माहीत होतं, कारण आदल्या दिवशी त्याने दुपारच्या चहाला सगळ्यांसमोर सांगितलं होतं. मी कापून दिली. त्याने नऊ पावलांवर जाऊन बांधली. आमच्या अपरोक्ष बांधली. कोशातल्या अर्थाने, तंतोतंत. निवेदनात मला खोटं लिहायचं होतं आणि अज्ञानाने खरं लिहिलं गेलं. नंतर शब्द बरोबर शिकलो आणि बासष्ट वेळा खोटं केलं.

व्याकरणात कर्मणी प्रयोग म्हणतात, ज्यात करणारा पुढे येत नाही. 'बांधण्यात आली' हे वाक्य तसं. माझं ते अख्खं नाटकच कर्मणी होतं.

आठवणींच्या पुस्तकात हे लिहायचं मी ठरवलं होतं, पण पान सत्याऐंशीवर नुसतं जुनं वाक्य टाकून पुढे सरकलो होतो. त्या पेन्सिलीच्या ओळीने मला तिथेच धरलं. मी चार पानं नव्याने लिहिली आणि आधी बायकोला दाखवली. आम्ही जेसल पार्कला राहतो, चौथ्या मजल्यावर. लिहिलेलं सगळं तिच्याच हातून पुढे जातं.

वाचून ती म्हणाली, "तीस वर्षं लोकांना प्रश्न विचारत फिरलात. आता लोक म्हणतील, पट्टी यानेच दिली."

"म्हणू देत. दिलीच होती."

"मला तरी सांगायचं होतंत."

मी पानं गोळा करू लागलो. मग तीच म्हणाली, "आधी त्यांना वाचून दाखवा. छापून आल्यावर कळणं वाईट."

रविवारी मी मोरव्याला गेलो. तो ओटीवर वालाच्या शेंगा सोलत होता. वय अडुसष्ट, नजर शाबूत.

"आलास? आज कुठं मोर्चा न्हाय वाटतं?"

"दादा, चार पानं वाचून दाखवायचीत."

"वाच. बहिरा न्हाय झालू अजून."

मी वाचत गेलो. अकरा मिनिटं लागली. पट्टीचं वाक्य मी दोनदा वाचलं. तो सोलतच होता. संपल्यावर म्हणाला, "किती लांब लिवलीस ती पट्टी?"

"हातभर."

"हातभर न्हाय. दोन हात व्हती. दोन येढं मारलं व्हतं त्यानं."

मी कागद खाली ठेवला. "म्हणजे तुम्ही पाहिलं होतं?"

"माज्या मशीनवर बांधतोय, आनि मी काय डोलं मिटून व्हतू?"

"मी दिली तेही?"

"तेवी."

"मग चौतीस वर्षांत एकदा तरी बोलायचं!"

"मी कशाला? लिवनारा तू. मना वाटलं, लिवशील आज ना उद्या. तुजा नाटक तीन येला बगितला मी. दर येला वाटायचा, आता येल तो पट्टीवाला. येतच न्हवता." त्याने टरफलं सुपात लोटली. "चहा घेशील का तोवी न्हाय?"

चहा आला. मी विचारलं, पुस्तकात हे असंच छापू का. तो हसला.

"बुक कोन वाचतंय इथं? माजा भाव वाचनार? त्याला चष्म्यानंवी दिसत न्हाय. नाटक कर. इथं, गावात. सगली बसू देत फुडं."

"आमची नाटकातली माणसं पांगली, दादा. दोघं वारले."

"आपन दोगं हाव ना."

"तुम्ही काम करणार?"

"सा वर्सं मशीनवर केला, पाऊन घंटा स्टेजवर न्हाय व्हनार? माजा पार्ट मनाच येनार. तुमच्या त्या पोराला तर नीट वरडतावी येत न्हवता."

मी घरी आलो आणि जुनं नाटक काढलं. अडतीस पानं. त्यातली अकरा काढून टाकली. चोरून येणारा सुपरवायझर गेला, नवा प्रवेश दोन पानांत झाला. सुपरवायझर मात्र जुनाच नट करणार होता. तो नया नगरचा शिंपी. त्याची हिंदी ऐकली की आजही राग येतो, इतकी चांगली. तालमी आमच्या इमारतीच्या गच्चीवर सकाळी सातला. एकोणीस तालमी झाल्या. पहिल्या चारांत दादा संवाद विसरायचा आणि दोष मला द्यायचा: "असा कोन बोलतंय का? तू बोलतंस का घरात असा?" त्याच्या तोंडची वाक्यं मी त्याच्या बोलीत पुन्हा लिहिली. सातवीपर्यंतच्या आणि त्यानंतरच्या माझ्या सगळ्या शिक्षणाला हे काम सर्वांत जड गेलं.

दरम्यान संपादक मुलीला फोन केला आणि सगळं सांगितलं. ती म्हणाली, "मग शब्द तसाच ठेवूया. खाली तळटीप देऊ का, सर?"

"तळटीप नको. पुढच्याच वाक्यात लिहितोय, पट्टी मी कापून दिली. दोन हात लांब."

मोरव्यात प्रयोग ठरला तो संध्याकाळी साडेपाचला, देवळापुढच्या मोकळ्या जागेत. खुर्च्या एकशेवीस मागवल्या होत्या. भरलेल्या मी मोजल्या, त्र्याऐंशी. आपण पहिल्या रांगेत बसणार नाही, असं बायकोने आधीच सांगितलं होतं. ती तिसरीत बसली. पहिल्या रांगेत मधोमध दादाचा मोठा भाऊ, काठी गुडघ्यांत धरून.

नवा प्रवेश आला. शिंपी माझ्या टेबलाशी आला. "ए मास्टर, एक पट्टी काट के दे." मी रिळावरून दोन हात पट्टी मोजली आणि कात्री लावली. तेवढ्यात मशीनवरून दादा ओरडला, "मास्तर, नको देऊ!"

हे वाक्य संहितेत नव्हतं. एकोणीस तालमींत एकदाही आलं नव्हतं. शिंपी माझ्याकडे पाहू लागला. फाटकावरच्या नाटकांत मी पुष्कळ अडचणी निभावल्या आहेत, पण त्या क्षणी मला एवढंच कळत होतं, की आज हात आखडला तर हे त्रेसष्टावं खोटं होईल. मी पट्टी कापली आणि दिली. शिंप्याने बटणाला दोन वेढे मारले.

प्रयोग संपल्यावर टाळ्या पडल्या. दादाचा भाऊ काठी टेकत पुढे आला. आधी माझ्यासमोर थांबला. "तू दिलीस?"

"मी दिली."

"आनि बांदली त्या सायबानं?"

"हो. सगळ्यांसमोर."

तो दादाकडे वळला. "आनि आमी तुला हावरा बोलत रायलू." मग विचारलं, "तू तवा बोलला व्हतास? नको देऊ म्हनून?"

दादाने दोन्ही हातांची आठ बोटं धोतराला पुसली. होकार देणं सोपं होतं. सगळं गाव ऐकत होतं, आणि मी तरी काय खोडून काढणार होतो?

"न्हाय," तो म्हणाला. "तवा गप रायलू. मनावी नग जास्त पायजे व्हतं, थोडं. पन पट्टी मी बांदली न्हाय."

भावाने काठी डाव्या हातात घेतली, उजवा हात दादाच्या खांद्यावर ठेवला आणि दोघं देवळाच्या पायऱ्यांकडे निघाले. चार पावलं गेल्यावर दादा मागे वळून मला म्हणाला, "मास्तर, ता वाक्य काढ हां. मी बोललू न्हवतू."

पुढचा प्रयोग पूर्वेला, कारखान्यांच्या गल्लीत करायचा आहे. संहितेत ते वाक्य नाही. दादा मशीनवर गप्प उभा राहील, बघत राहील, आणि मी पट्टी कापून देईन.