मावशीची जादा ओळ

माझी थोरली मावशी टीव्ही काळापांढरा होता तेव्हा त्यावरच्या नाटिकांत काम करायची. ऐन पंचविशीत केसांना पावडर फासून तिला खाष्ट सासवा आणि विधवा आत्या करायला लावल्या. चेहरा नायिकेचा नव्हता म्हणे. हे ठरवणारे कोण, असं मी आजही चिडून विचारते. ती हसते. भांडुपच्या चाळीत ज्यांच्याकडे टीव्ही होता, त्यांच्या दारात बसून सगळी चाळ तिने केलेल्या सासूला शिव्या घालायची आणि सकाळी नळावर तीच माणसं कौतुकाने तिला पुढे सोडायची.

यातलं आज काहीच बघायला मिळत नाही. टेप महाग. कार्यक्रम दाखवून झाला की त्याच टेपवर दुसरा घ्यायचे. माझी मावशी अशी पुसली गेली.

गेल्या वर्षी गोरेगावच्या एका स्टुडिओत मालिकेतल्या आजीच्या कामासाठी निवड होती. मावशीला ते काम हवंच होतं. "मरायच्या आधी एकदा रंगीत दिसू दे गो," म्हणाली. मी सोबत गेले.

निवड करणारी मुलगी माझ्याच वयाची. "आजी, जुन्या कामाची लिंक आहे?"

"नाही बाई."

मी पेटलेच. बाबा युनियनवाले, मी पत्रकांच्या घड्या घालत वाढलेली, आता स्वतःच सभा घेणारी. तिथेच सभा सुरू केली असती, पण मावशीने माझा दंड दाबला. "हिच्याकडे लक्ष देऊ नकोस. प्रसंग दे. समोरच्या पात्राचं ही वाचेल."

प्रसंग साधा होता. राहतं घर विकल्याचं मुलगी आईला सांगते. मी पहिलं वाक्य वाचलं ते थेट कारखान्याच्या गेटसभेच्या आवाजात. वाचलं आणि कळलं, मावशीची वाट लावली मी.

ती थांबली नाही. तिच्या काळात मध्ये थांबलं तर सगळं पहिल्यापासून करावं लागे, म्हणून समोरच्याची चूक प्रसंगातच सावरून घ्यायची शिस्त होती. तिने माझा हात धरला आणि कागदावर नसलेलं बोलली, "हळू बोल गं. या भिंतींना नको कळायला."

माझा आवाज आपोआप उतरला. पुढचं सगळं मी तिला एकटीला सांगितलं.

चित्रण थांबवून मोबाइल खाली ठेवत निवड करणारी मुलगी म्हणाली, "आजी, भिंतींचं वाक्य आमचं नव्हतं."

"माहितेय. काढू?"

"नको ना! शूटिंगलाही असंच घ्या."

काम मिळालं. बाहेर टपरीवर चहा घेताना मी म्हटलं, "मी घालवलंच होतं गं."

"अगो, तुझ्या सभेला लोक ऐकायला येतात. आम्ही लोकांच्या घरात जायचो, जेवणाच्या वेळी. तिथे ओरडून कसं चालेल?"

आता पत्रक लिहिलं की आधी मावशीच्या स्वयंपाकघरात जाते आणि हळू आवाजात तिला वाचून दाखवते. राग पूर्वीइतकाच आहे. भाजी निवडताना तिचा हात थांबला, तरच छापायला देते.